तीनशे तेहतीस फूट

सुरातलं मला काही कळत नाही, हे आधीच सांगतो.
देवळात आरतीलाही मी नुसते ओठ हलवतो.
मला कळतं ते जमा आणि नावे.
मडगावात, कोंबात, लिबेरात फुर्तादच्या सोड्याच्या कारखान्यात
मी वही लिहायचो:
गोटीच्या बाटल्या, लेमन, रासबेरी, फूटतूट वेगळी.
आणि एके सकाळी रासबेरीच्या खालच्या ओळीत आलं,
कॅमेरा, भाडे, दिवस अकरा.

बाटल्या भरायचं एक यंत्र त्यात गेलं.
दुसरं गेलं नायिकेच्या, तिच्या आईच्या
आणि आईसोबत न सांगता आलेल्या मावशीच्या
आगबोटीत, हॉटेलात, दम्याच्या औषधात.

संगीत कोणाचं, मी विचारलं. किती लिहू?
माझंच, तो म्हणाला.
इगर्जीच्या शाळेत मेस्तानं पट्टीनं बोटं सुजवून
शिकवलेलं सोल्फेज अजून हातात आहे.
असेल. पण रकाना रिकामा ठेवत नाहीत, लिबेरातबाब.
लिही मग, रुपया एक.
लिहिला. देणे.

त्यानंतर त्या एका खुर्चीत दोघे बसायला लागले.
सकाळी निर्माता: व्हायोलिनं चार. पाचवं नाही म्हणजे नाही.
दुपारी जेवून, झोपून,
गालावर चटईचे वळ घेऊन संगीतकार: नऊ.
भांडण माझ्या टेबलावर.
सातावर मिटलं.
सहापर्यंत उधारीनं निभावलं, सातव्यासाठी लॅम्ब्रेटा विकली
आणि मुंबईला रेकॉर्डिंगला निघाला तेव्हा स्टेशनपर्यंत
मीच त्याला सायकलवर डबलसीट नेला.
मांडीवर कागदांचं पुडकं,
सोड्याच्या पावत्या, मागच्या बाजूला पाच-पाच रेघा,
रेघांवर मुंग्यांसारखं काहीतरी चढलेलं.
त्यातल्या तीन पावत्या वसूल व्हायच्या होत्या.
त्या अजून व्हायच्याच आहेत.

गाणं तीन मिनिटं बेचाळीस सेकंदांचं. तीनशे तेहतीस फूट.
पाठ आहे, कारण खर्च फुटावर पडतो.

थेटरात अकरा दिवस चालला.
बाहेर भजी खाता खाता लोक म्हणाले,
गाणं बरं आहे हो, सिनेमाचं काही खरं नाही.
निर्मात्यानं मान खाली घातली,
संगीतकारानं ताठ केली.
एकाच मानेनं हे दोन्ही कसं होतं, मी पाहिलंय.

मग दुसरा काढला. मग तिसरा, अर्धा.
तिसऱ्याचा हिशेब मी कुणालाच सांगत नाही.

रुपया मात्र दर मार्चअखेर पुढे ओढत राहिलो.
कधी तो दारात उभा राहून ओरडे,
पुंडलीकबाब, म्हजो रुपयो खंय?
आणि आत येऊन, चपला काढून, खुर्चीत बसून
स्वतःच सांगे,
ताका म्हण, प्रोड्युसर भायर गेला.

आता दोघेही बाहेर गेले आहेत.
खुर्ची कारखान्याबरोबर विकली गेली.

गेल्या महिन्यात पणजीची काही मुलं डबे घेऊन आली.
नामावळीतला जिवंत असा मीच उरलो होतो,
हिशेबनीस, शेवटून दुसरा.
अंधारात बसवलं. पडदा लागला.
फिल्मच्या कडेची आवाजाची पट्टी बुरशीनं खाल्ली होती.
साळ नदी, होडी, मागे खाजणाचा बांध,
ती तोंड उघडते, मिटते,
आरतीला माझं होतं तसं.
पंख्याचा आवाज.

आजोबा, चाल आठवते? मुलीनं विचारलं.
मी मनगटावरचं घड्याळ डोळ्यांजवळ धरून बसलो होतो.
दोन मिनिटं वीस सेकंद. दोनशे दहा फूट.
बोट वर केलं.
इथे, म्हणालो. इथे सातवं व्हायोलिन.
पडद्यावर बांधावरचा बगळा उठला.
मुलीनं काहीतरी लिहून घेतलं.